पैसे नव्हते, म्हणून संगीतकार: क्लिंट मॅन्सेलचं प्रकरण

१९९६ साली क्लिंट मॅन्सेलचा बँड मोडला तेव्हा तो ३३ वर्षांचा होता. संगीताची पदवी नाही, स्वरलेखनाचं रीतसर शिक्षण नाही, चित्रपटासाठी काम केल्याचा अनुभव नाही. इंग्लंड सोडून तो न्यूयॉर्कला आला होता. सहा वर्षांनी त्याचीच एक धून हॉलिवूडच्या सर्वात गाजावाजा झालेल्या चित्रपटाच्या ट्रेलरमध्ये वाजत होती. आज ती ऐकलेल्या लोकांपैकी निम्म्यांना तरी ती मुळात कुठल्या चित्रपटातली आहे, हे माहीत नसतं.

स्वतः शिकून मोठ्या झालेल्या माणसांच्या कहाण्या आपण पुष्कळ वाचतो. त्यांनी उत्साह येतो, पण काम कसं झालं ते कळत नाही. मॅन्सेलच्या बाबतीत मला तीन गोष्टी तपासाव्याशा वाटतात. न शिकलेल्या माणसाला आत शिरायला फट कुठे मिळाली? आत आल्यावर, जे त्याला येत नव्हतं त्याची सोय त्याने कशी लावली? आणि एका दिग्दर्शकाच्या सोबतीने उभं राहिलेलं काम, ती सोबत सुटल्यावर कशावर टिकलं?

बँडमधली शाळा

मॅन्सेलचा जन्म १९६३ चा, कॉव्हेंट्रीचा. त्याचा बँड पॉप विल ईट इटसेल्फ हा त्याच पट्ट्यातल्या स्टाउरब्रिजचा. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस या एवढ्याशा गावातून तीन बँड पुढे आले: हा एक, द वंडर स्टफ आणि नेड्स ॲटॉमिक डस्टबिन. मॅन्सेल गायचा आणि गिटार वाजवायचा. बँडचा मूळ ड्रमर लवकरच पुढे येऊन गायला लागला, त्याच्या जागी ड्रम मशीन आलं आणि १९९२ पर्यंत मशीननेच ताल धरला. गिटारच्या कल्लोळावर रॅप, त्यावर चित्रपटांतले संवाद आणि दुसऱ्यांच्या रेकॉर्डमधून उचललेले तुकडे, असा सगळा मामला होता. १९९३ मध्ये त्यांचं एक गाणं ब्रिटनच्या यादीत नवव्या क्रमांकापर्यंत गेलं. बँडचं ते सर्वात मोठं यश. आणि त्याच सुमारास त्यांच्या मोठ्या रेकॉर्ड कंपनीने त्यांच्याशी असलेला करार संपवला.

हा काळ वाया गेला असं वाटेल, पण पुढचं सगळं इथेच शिकून झालं होतं. दोन-चार सुरांचा तुकडा फिरवत ठेवायचा आणि ऐकणारा कंटाळणार नाही अशा बेताने त्यावर थर चढवत जायचं, ही सॅम्पलरवर, म्हणजे ध्वनीचे तुकडे साठवून पुन्हा वाजवणाऱ्या यंत्रावर, काम करणाऱ्याची रोजची कसरत. स्टुडिओ हेच वाद्य मानायचं, ही दुसरी सवय. तिसरी गोष्ट जरा वेगळी: दुसऱ्याचा आवाज वापरायचा तर त्याचे पैसे पडतात, हे या पिढीला चांगलंच कळलं होतं. १९९१ मध्ये अमेरिकेतल्या एका न्यायालयाने परवानगीशिवाय घेतलेल्या सॅम्पलविरुद्ध, म्हणजे उचललेल्या तुकड्याविरुद्ध, निकाल दिला आणि तेव्हापासून असली उचलेगिरी महाग झाली. हा हक्कांचा आणि पैशांचा धागा मॅन्सेलच्या सगळ्या कारकिर्दीतून जातो, म्हणून तो इथेच नोंदवून ठेवतो.

'पाय'

न्यूयॉर्कमध्ये ओळखीच्या ओळखीतून त्याची गाठ डॅरेन ॲरोनॉफ्स्कीशी पडली. ॲरोनॉफ्स्की ब्रुकलिनचा, विशीतला, आणि त्याच्या नावावर एकही पूर्ण लांबीचा चित्रपट नव्हता. शेअर बाजाराच्या आकड्यांत जगाचं सूत्र शोधणाऱ्या एका गणितज्ञाची गोष्ट त्याला सांगायची होती. मित्र, नातेवाईक, ओळखीपाळखीचे लोक यांच्याकडून शंभर-शंभर डॉलर गोळा करून त्याने सुमारे ६० हजार डॉलर उभे केले आणि कृष्णधवल फिल्मवर चित्रपट घेतला. तोच 'पाय', म्हणजे गणितातला π.

सुरुवातीला मॅन्सेलकडे फक्त शीर्षकसंगीत होतं. बाकी चित्रपटात बाजारात आधीच आलेले इलेक्ट्रॉनिक संगीताचे ट्रॅक लावायचे, असा बेत होता. तो फिसकटला तो पैशांपायी. तयार ट्रॅक चित्रपटात लावायचा तर दोन परवाने लागतात. एक रचनेचा, जो संगीतकाराकडे किंवा त्याच्या प्रकाशकाकडे असतो. दुसरा ध्वनिमुद्रणाचा, जो बहुधा रेकॉर्ड कंपनीकडे असतो. दोघांशी वेगवेगळं बोलावं लागतं, दोघांपैकी एकानेही नाही म्हटलं तर तो ट्रॅक गेला. नाव नसलेल्या दिग्दर्शकाच्या, वितरक नसलेल्या चित्रपटासाठी हे करत बसायला कुणाला वेळ असतो? मॅन्सेलने मुलाखतींत सांगितलंय ते साधारण असं की एकेक ट्रॅक हातचा जात राहिला आणि प्रत्येक मोकळ्या जागी काहीतरी बनवून द्यायचं काम त्याच्याकडे येत गेलं. असं करत करत तो चित्रपटाचा संगीतकार झाला. काही नामवंत मंडळींचे ट्रॅक शेवटी मिळालेही. साउंडट्रॅकच्या अल्बमवर ऑर्बिटल, ऑटेकर, एफेक्स ट्विन, मॅसिव्ह अटॅक अशी नावं आहेत. त्या रांगेत पहिलं गाणं मात्र मॅन्सेलचं.

१९९८ मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स चित्रपट महोत्सवात 'पाय'ला दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. वितरकाने तो विकत घेतला, आणि अमेरिकेत त्याने ३० लाख डॉलरच्या वर धंदा केला.

नशीब म्हणून हे सोडून देता येईल, पण नशिबाने काय हाती दिलं ते पाहण्यासारखं आहे. चित्रपटात संगीतकार सहसा सर्वात शेवटी येतो. संकलन संपत आलेलं असतं. संकलकाने तात्पुरतं म्हणून कुठल्यातरी दुसऱ्या चित्रपटाचं संगीत लावून ठेवलेलं असतं आणि दिग्दर्शकाला ते महिनोन्महिने ऐकून सवयीचं झालेलं असतं. मग संगीतकाराला सांगितलं जातं, असंच दे, फक्त हे नको. मुदत काही आठवड्यांची. आपल्याकडे 'बॅकग्राउंड करणारे' लोक याबद्दल जे बोलतात ते छापता येणार नाही. 'पाय'मध्ये संगीतकार आणि दिग्दर्शक दोघेही नवे होते, दोघांनाही गमवायला फारसं काही नव्हतं, आणि चित्रपट घडत असतानाच संगीतही घडत होतं. दृश्य बदललं तर संगीत बदलायचं, आणि उलटही. शिकलेल्या, नावाजलेल्या संगीतकारालाही ही सवलत क्वचित मिळते.

आणखी एक माणूस या गटात होता: ध्वनिरचना करणारा ब्रायन एमरिक. या चित्रपटांत संगीत कुठे संपतं आणि आवाजाचं काम कुठे सुरू होतं हे बऱ्याचदा ओळखू येत नाही. यंत्राची घरघर, डोकेदुखीचा झटका, गोळ्यांच्या बाटलीचा खडखडाट, हे सगळं तालात येतं. सॅम्पलरवर वाढलेल्या माणसाला यात वावगं काही वाटलं नसणार.

'रिक्विएम फॉर अ ड्रीम'

ॲरोनॉफ्स्कीचा २००० सालचा हा चित्रपट व्यसनाबद्दलचा. ह्यूबर्ट सेल्बी ज्युनिअरच्या १९७८ च्या कादंबरीवर बेतलेला. खर्च ४५ लाख डॉलर, म्हणजे 'पाय'च्या कित्येक पट, तरी हॉलिवूडच्या हिशेबाने चिल्लरच. सुरुवातीला यात हिप-हॉप गाणी वापरायची कल्पना होती. ती चित्रावर बसली नाही. मग आली ती चार तंतुवाद्यं: दोन व्हायोलिन, व्हियोला, चेलो. क्रोनोस क्वार्टेट हा १९७३ पासून नव्या रचना वाजवत आलेला अमेरिकन चमू त्यासाठी आला.

हा चित्रपट ज्यांनी पाहिलाय त्यांना त्याच्या संकलनाचा वेग आठवत असेल. साधारण चित्रपटात सहा-सातशे कट असतात, यात दोन हजारांहून जास्त. डोळ्याची बाहुली विस्फारते, लायटर पेटतो, रक्तपेशी धावतात, आणि हे सगळं दोन-तीन सेकंदांत. अशा चित्राखाली प्रत्येक कटबरोबर वळणारं, भावना अधोरेखित करणारं संगीत घातलं तर गदारोळ होईल. मॅन्सेलने उलट केलं. उतरत्या सुरांची एक छोटी ओळ, मायनरमधली, घेतली आणि ती हलू दिली नाही. वरचे थर बदलतात, तंतुवाद्यांच्या पोटात इलेक्ट्रॉनिक ठोके शिरतात, वेग वाढल्याचा भास होतो, पण ओळ तीच. तबल्याच्या एकलवादनात हार्मोनियमवर लेहरा चालू असतो ना, तसंच हे आहे. लेहरा बदलत नाही म्हणून तर तबलजी काय करतोय ते कळतं. इथे तबलजीच्या जागी संकलक आहे.

चित्रपटाचे भाग तीन: उन्हाळा, पानगळ, हिवाळा. वसंत नाहीच. शेवटच्या भागात चारही पात्रांची वाताहत आलटून पालटून दिसते आणि खाली ती ओळ फिरत राहते. व्यसन म्हणजे तेच तेच पुन्हा करणं. म्हणून हे संगीत नुसतं दुःखी न वाटता अडकल्यासारखं वाटतं. पारंपरिक शिक्षण घेतलेला संगीतकार असा थांबून राहिला असता का? काही जण राहिले असते. स्टीव्ह राइश आणि फिलिप ग्लास हे अमेरिकन संगीतकार पुनरावृत्तीवर आयुष्यभर काम करत आले, आणि दोघेही चांगले शिकलेले. त्यामुळे मॅन्सेलला नियम माहीत नव्हते म्हणून त्याने ते मोडले, ही लाडकी समजूत मला पटत नाही. त्याला एका वेगळ्या परंपरेचे नियम माहीत होते, नाइटक्लब आणि सॅम्पलरच्या परंपरेचे, आणि ते त्याने चोख पाळले.

जे येत नव्हतं, त्याची सोय

कीबोर्डवर आणि संगणकावर बांधलेली धून चार वादकांसमोर जशीच्या तशी ठेवता येत नाही. कुठला सूर कुठल्या वाद्याला द्यायचा, चेलो कुठल्या पट्टीत गुंजतो आणि कुठे कोरडा पडतो, गज कुठे उलटवायचा, हे सगळं कागदावर यावं लागतं. ते येण्यासाठी वर्षानुवर्षं शिकावं लागतं. 'रिक्विएम'मध्ये हे काम डेव्हिड लँगने केलं. लँग हा न्यूयॉर्कच्या बँग ऑन अ कॅन या संगीतगटाच्या संस्थापकांपैकी एक, स्वतः मोठा संगीतकार. पुढे २००८ मध्ये त्याला पुलित्झर पारितोषिक मिळालं. म्हणजे ही मदत कुणा कारकुनाची नव्हती.

पुढे ॲरोनॉफ्स्कीच्याच 'ब्लॅक स्वॉन'मध्ये वाद्यवृंदाची मांडणी मॅट डंकलीकडे होती. 'द फाउंटन'मध्ये पुन्हा क्रोनोस, आणि त्यांच्या जोडीला ग्लासगोचा मोगवाय हा बँड. 'द रेसलर'मध्ये गिटारला गन्स एन' रोझेस या रॉक बँडचा स्लॅश. मॅन्सेलच्या कारकिर्दीतली ही रीतच म्हणावी लागेल. प्रत्येक चित्रपटात तो स्वतःला न येणारी एक गोष्ट ठरवतो आणि ती ज्याला उत्तम येते अशा माणसाला बोलावतो. वाद्यवृंदावर हुकमत असल्याचा आव आणत नाही. श्रेयनामावलीत त्यांची नावं आहेत, अल्बमच्या वेष्टनावर आहेत.

यात एक धोकाही आहे. मांडणी करणारा तगडा असला की मूळ संगीतकाराचं काय उरतं, असा प्रश्न येतो. हिंदी चित्रपटांतल्या अरेंजरांबद्दल आपण तो पन्नास वर्षं विचारत आलो आहोत, आणि त्यातल्या कितीतरी गोव्याच्या वादकांची नावं पडद्यावर कधी आलीच नाहीत. मॅन्सेलच्या बाबतीत उत्तर सोपं आहे, कारण मांडणी करणारे बदलत गेले तरी आवाज त्याचाच राहिला. तीच हट्टी ओळ, तेच थर, तीच उशिरा येणारी भरती.

ट्रेलर

२००२ मध्ये 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या दुसऱ्या भागाच्या ट्रेलरसाठी 'रिक्विएम'मधली 'लक्स एटर्ना' ही धून नव्याने बांधली गेली. चार तंतुवाद्यांच्या जागी भलामोठा वाद्यवृंद आणि कोरस. हे काम दुसऱ्या अरेंजरांनी केलं. मूळ चित्रपटात हे संगीत नाही, तिथे हॉवर्ड शोरचं आहे. तरी चित्रपट पाहून आलेले लोक ते संगीत कुठे मिळेल म्हणून शोधत राहिले. त्यानंतर ती धून आणि तिच्या नकला इतर ट्रेलर, खेळांचे सामने, टीव्हीवरचे कार्यक्रम अशा सगळीकडे गेल्या.

मला ती मोठी आवृत्ती आवडत नाही. चौघांच्या वाजवण्यात जो घुसमटलेपणा आहे, तो शंभर जणांच्या कोरसमध्ये उरत नाही. तिथे नुसता युद्धाचा आवेश येतो. पण कारकिर्दीच्या दृष्टीने तिने काय केलं ते नाकारता येत नाही. ४५ लाख डॉलरच्या, अमेरिकेतल्या तिकीटबारीवर तेवढेही न मिळवलेल्या चित्रपटाचा संगीतकार जगाला ऐकू आला. आणि ट्रेलरचं संगीत कसं असावं याची एक पद्धतच पडली.

पुढचे चित्रपट

मधल्या काळात त्याने 'सहारा', 'डूम' असे मोठ्या खर्चाचे चित्रपटही केले. त्यांवर थांबण्यासारखं काही नाही, घरभाडं भरण्याचं काम होतं असं समजू.

'द फाउंटन'ची गोष्ट वेगळी. आधी ब्रॅड पिटला घेऊन सुमारे सात कोटी डॉलरचा बेत ठरला होता. २००२ मध्ये पिट बाहेर पडला आणि चित्रपट बंद पडला. ॲरोनॉफ्स्कीने तो पुन्हा लिहिला आणि निम्म्या खर्चात, ह्यू जॅकमन आणि रेचल वाइसला घेऊन केला. २००६ मध्ये प्रदर्शित झाला आणि तिकीटबारीवर आपटला. संगीताला मात्र गोल्डन ग्लोबचं नामांकन मिळालं, आणि आजही हा अल्बम ऐकणारे लोक चित्रपटाच्या चाहत्यांपेक्षा जास्त असतील असा माझा अंदाज आहे. चित्रपट पडला तरी संगीत उभं राहू शकतं. पार्श्वसंगीतात हे क्वचितच घडतं, कारण ते बहुधा चित्राशिवाय पांगळं असतं.

मग दोन लहान चित्रपट आले, आणि माझ्या मते मॅन्सेलचं सर्वोत्तम काम त्यांतच आहे. ॲरोनॉफ्स्कीचा 'द रेसलर' २००८ चा, खर्च ६० लाख डॉलर. व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याला सुवर्णसिंह हे सर्वोच्च पारितोषिक मिळालं. थकलेल्या कुस्तीगिराच्या आयुष्यात गाणी असतात ती ऐंशीच्या दशकातल्या रॉकची, तीच पडद्यावर वाजतात. संगीतकाराने फक्त मधल्या शांततेत, गिटारच्या एखाद-दुसऱ्या सुराने, हजेरी लावली आहे. दहा वर्षांपूर्वी ज्यांना कुणी गाणी देत नव्हतं, त्यांना या वेळी गन्स एन' रोझेसच्या गायकाने, ॲक्सल रोझने, आपलं गाजलेलं गाणं फुकट वापरू दिलं आणि ब्रूस स्प्रिंगस्टीनने शीर्षकगीत लिहून दिलं. दोघांनीही हे केलं ते प्रमुख नट मिकी रुर्कशी असलेल्या स्नेहापोटी. परवान्यांच्या जगात ओळख ही पैशांइतकीच चालते.

दुसरा 'मून', २००९ चा. दिग्दर्शक डंकन जोन्सचा पहिला चित्रपट, खर्च ५० लाख डॉलर, चंद्रावरची यानं म्हणजे हाताने बनवलेली छोटी मॉडेलं, आणि जवळजवळ सगळा वेळ पडद्यावर एकटा सॅम रॉकवेल. पियानोची एक छोटी आवर्तनी ओळ सुरू होते ती यंत्रासारखी. खाणकामाचा दिनक्रम, खाणं, झोप, पुन्हा तेच. आणि गोष्ट उलगडते तशी तीच ओळ, सूर फारसे न बदलता, करुण होत जाते. 'रिक्विएम'मध्ये पुनरावृत्ती गळा आवळते, इथे ती एकट्या माणसाला सोबत करते. एकच हत्यार, दोन कामं. नव्या संगीतकाराने अभ्यासाला एकच चित्रपट घ्यायचा तर हा घ्यावा.

'ब्लॅक स्वॉन' आणि ऑस्करचा नियम

२०१० चा 'ब्लॅक स्वॉन' बॅलेच्या जगातला. चायकोव्स्कीचा 'स्वान लेक' १८७७ चा, संगीतकार १८९३ मध्ये वारलेला, त्यामुळे रचनेच्या हक्कांचा प्रश्नच नव्हता. मॅन्सेलने ते संगीत फोडलं, उलटं वाजवलं, वेडंवाकडं केलं, आणि नायिकेचं डोकं जसं फिरत जातं तसं ते बिघडवत नेलं. सॅम्पल उचलणाऱ्या पोराला अखेर असा माल मिळाला होता ज्याबद्दल कुणी दावा लावणार नव्हतं.

ऑस्करच्या मूळ संगीताच्या स्पर्धेतून मात्र हे काम बाद ठरलं, कारण आधीच्या संगीताचा भाग फार. त्या वर्षी 'ट्रू ग्रिट'सकट आणखीही काही चित्रपट याच कारणाने बाद झाले. चाहत्यांनी खूप आरडाओरडा केला. मला विचाराल तर नियमाच्या शब्दांप्रमाणे निर्णय बरोबर होता. पण त्यामुळे स्पर्धेच्या यादीत अशा कामाला जागाच नाही, हेही उघड झालं. १ कोटी ३० लाखांच्या या चित्रपटाने जगभरात सुमारे ३३ कोटी डॉलर मिळवले. एव्हाना स्वतंत्र चित्रपटांचा संगीतकार हे लेबल त्याला अपुरं पडू लागलं होतं.

सोबत सुटते

२०१४ चा 'नोआ' हा मॅन्सेल आणि ॲरोनॉफ्स्कीचा शेवटचा एकत्र चित्रपट. सहा चित्रपट, सोळा वर्षं. २०१७ च्या 'मदर!'साठी ॲरोनॉफ्स्कीने आइसलँडच्या योहान योहानसनला घेतलं. योहानसनही संगीताच्या विद्यापीठातून आलेला नव्हता. त्याने पूर्ण संगीत तयार केलं, आणि मग दोघांनी मिळून ते सगळंच काढून टाकायचं ठरवलं. चित्रपट जवळजवळ संगीताशिवाय प्रदर्शित झाला.

एकाच दिग्दर्शकावर पोसलेला संगीतकार इथे संपू शकला असता. मॅन्सेल संपला नाही, कारण तोवर त्याने इतर दारं ठोठावलेली होती. पार्क चान-वुकचा 'स्टोकर', बेन व्हीटलीचा 'हाय-राइज', 'ब्लॅक मिरर' मालिकेतला 'सॅन जुनिपेरो' हा भाग, आणि 'लव्हिंग व्हिन्सेंट', ज्याची सुमारे ६५ हजार चित्रं शंभराहून जास्त चित्रकारांनी तैलरंगांत हाताने रंगवली. व्हीटलीबरोबर तर नवी जोडीच जमली. २०२० च्या उन्हाळ्यात, महामारीच्या निर्बंधांत व्हीटलीने 'इन द अर्थ' हा छोटा भयपट झपाट्याने घेतला, आणि त्याचं संगीतही मॅन्सेलचंच आहे. माणसं बदलली, पण निवड तीच राहिली: आपला चित्रपट आपल्या मुठीत ठेवणारा दिग्दर्शक आणि बेताचा खर्च.

यातलं आज काय लागू पडतं

'पाय'मध्ये मॅन्सेलला जी फट मिळाली ती आज बुजली आहे. आजच्या नव्या दिग्दर्शकाला परवाना नाकारला गेला तर तो महिन्याची वर्गणी भरून संगीताच्या ऑनलाइन भांडारातून हवा तसा ट्रॅक उतरवून घेतो. मोकळी जागा संगीतकारापर्यंत पोचतच नाही. संकलनाच्या आधी, कधी कधी चित्रीकरणाच्याही आधी दिग्दर्शकाबरोबर बसायला मिळणं, एवढाच मार्ग मला उघडा दिसतो. तात्पुरतं संगीत म्हणून दुसऱ्याचा ट्रॅक लागण्याआधी स्वतःचा कच्चा तुकडा तिथे लागला तर अर्धं काम झालं. लघुपटांवर, महाविद्यालयीन फिल्मवर काम करणारे आपल्याकडचे पुष्कळ जण हे करू शकतात, करतातही.

पैशांचा भाग मात्र बहुतेकांकडून राहून जातो. लहान चित्रपट मानधन कमी देतो. त्या बदल्यात संगीतकाराने रचनेचे हक्क, निदान त्यांतला भाग, स्वतःकडे ठेवून घेतला तर पुढे ट्रेलर, मालिका, जाहिरात यांतून तो भाग कमावत राहतो. अमेरिकेत सिनेमागृहं संगीतकाराला त्याचं संगीत वाजवल्याबद्दलची रॉयल्टी देत नाहीत. युरोपातल्या अनेक देशांत देतात. भारतात २०१२ च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायदा सांगतो की सिनेमागृहात चित्रपटाबरोबर वाजलेलं सोडून इतर वापराच्या रॉयल्टीत गीतकार-संगीतकाराचा समान वाटा आहे. हा हक्क वारसाला किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. निर्मात्याच्या नावे सोडून देता येत नाही, करारात तसं लिहिलेलं असलं तरी. पार्श्वसंगीतही यात येतं. मुंबईतली आयपीआरएस (इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी) ही संस्था २०१७ पासून नव्याने नोंदलेली कॉपीराइट सोसायटी म्हणून ही वसुली करते.

पण वाटप होतं ते क्यू शीटवरून. चित्रपटात कुठल्या मिनिटाला, किती सेकंद, कुणाचं संगीत वाजलं याचा तक्ता म्हणजे क्यू शीट. मोठ्या निर्मितीत तो आपोआप बनतो. लहान मराठी चित्रपटात तो बनवणं हे कुणाचंच काम नसतं, म्हणून बनत नाही. चित्रपट ओटीटीवर किंवा दूरचित्रवाणीवर जातो आणि संगीतकाराच्या नावाची नोंद मागेच राहते. मिक्सिंग संपलं त्याच आठवड्यात, टाइमलाइन अजून उघडी असताना, संगीतकाराने स्वतः बसून तो तक्ता भरावा आणि निर्मात्याची सही घ्यावी. एका दुपारचं काम आहे.